पानावरच्या अंड्यांना सापाची चाहूल

रात्रीची वेळ आहे. मध्य अमेरिकेतील पनामा देशाच्या एका जंगलात नुकताच पाऊस पडून गेला आहे. तळ्याकाठच्या एका झुडपाची फांदी पाण्यावर झुकली आहे आणि तिच्या एका पानावर काचेच्या मण्यांसारखी चाळीसएक अंडी एकमेकांना चिकटून बसली आहेत. प्रत्येक अंड्यात एक इवलासा जीव अंग मुडपून पडला आहे. अंडी घातली त्याला आज पाच दिवस झाले. आणखी एक-दोन दिवसांनी ती आपोआप फुटतील आणि आतले बेडूकमासे खालच्या पाण्यात पडतील.

एवढ्यात फांदीवरून एक सडपातळ साप सरकत येतो. तो पानाजवळ थांबतो, जीभ लवलवतो आणि जबडा उघडून अंड्यांच्या पुंजक्यात तोंड खुपसतो. पहिली काही अंडी त्याच्या घशाखाली उतरतात. पण पुढचा घास घेईपर्यंत एक विलक्षण गोष्ट घडते. सापाने अजून तोंडही न लावलेली अंडी एकामागून एक फुटू लागतात. चिमुकले बेडूकमासे वळवळत बाहेर येतात आणि टपटप पाण्यात उड्या टाकतात. थोड्याच वेळात सापाच्या तोंडी उरतो तो रिकाम्या बुळबुळीत आवरणांचा गोळा!

तुम्ही म्हणाल, "यात नवल ते काय? सापाच्या धक्क्याने अंडी फुटली असतील." पण तसे नाही. धक्क्याने फुटायची असती, तर ती वादळी पावसातही फुटली असती. पावसाचे टपोरे थेंब या अंड्यांवर रात्ररात्र आदळतात, पण अंडी जागची हालत नाहीत. मग जो जीव अजून जन्मलासुद्धा नाही, त्याला पाऊस कोणता आणि साप कोणता हे कळते तरी कसे? या प्रश्नाचे उत्तर शोधायला शास्त्रज्ञांना बरीच वर्षे लागली. ती हकिगत समजून घ्यायची, तर आधी या अंड्यांच्या आईबापांची ओळख करून घ्यायला हवी.

लाल डोळ्यांचा वृक्षमंडूक

हा बेडूक दक्षिण मेक्सिकोपासून पनामापर्यंत आणि पुढे कोलंबियाच्या उत्तर भागापर्यंत, सखल प्रदेशातील दमट जंगलांत राहतो. एडवर्ड ड्रिंकर कोप या अमेरिकन प्राणिशास्त्रज्ञाने इ. स. १८६२ मध्ये त्याचे शास्त्रीय वर्णन केले. त्याचे शास्त्रीय नाव 'अ‍ॅगॅलिक्निस कॅलिड्रियास'. यातल्या 'कॅलिड्रियास' या ग्रीक शब्दाचा अर्थ सुंदर वनदेवता असा होतो, आणि नाव ठेवणाऱ्याने अतिशयोक्ती केली असे कोणी म्हणणार नाही. पाठ पोपटी हिरवी, कुशी निळ्या आणि त्यांवर पिवळे उभे पट्टे, बोटे नारिंगी, पोट पांढरे आणि डोळे माणकासारखे लालभडक! नर सुमारे ५ सेंटिमीटर लांबीचा असतो, मादी मोठी, सुमारे ७ सेंटिमीटरची.

एवढा रंगीबेरंगी प्राणी जंगलात शत्रूंच्या नजरेतून सुटतो कसा? त्याची युक्ती साधी आहे. हा बेडूक निशाचर आहे. दिवसा तो पानावर अंग चिकटवून झोपतो. झोपताना पाय पोटाशी घट्ट आवळून घेतो, त्यामुळे निळ्या कुशी आणि नारिंगी बोटे झाकली जातात. डोळे मिटले की लाल रंगही दिसेनासा होतो. उरते ती फक्त हिरवी पाठ, म्हणजे पानावर आणखी एक पान! त्याची खालची पापणी तर पाहण्यासारखी असते. ती पारदर्शक असून तिच्यावर सोनेरी नक्षीची जाळी असते. या जाळीमुळे डोळ्याची लाली लपते.

तरीही एखादा पक्षी अगदी जवळ आलाच, तर बेडूक एकदम डोळे उघडतो आणि उडी घेतो. हिरव्या पानाच्या जागी अचानक लाल, निळा आणि नारिंगी रंग चमकले, की शत्रू क्षणभर दचकत असावा आणि तेवढ्या क्षणात बेडूक निसटत असावा, असा शास्त्रज्ञांचा तर्क आहे.

झाडावर राहायचे तर

डबक्यातल्या बेडकाला ओल्या, गुळगुळीत पानाच्या खालच्या बाजूला लटकायला सांगितले तर तो दाणकन खाली पडेल. वृक्षमंडूक मात्र तेथे खुशाल बसतो. त्याच्या प्रत्येक बोटाच्या टोकाला एक चपटी, वाटोळी गादी असते. पूर्वी लोकांना वाटे की, या गाद्या रबरी चूषकांसारख्या हवा शोषून चिकटत असतील. सूक्ष्मदर्शकाने पाहिल्यावर वेगळीच रचना दिसली. गादीच्या पृष्ठभागावरील पेशी मधमाशीच्या पोळ्यातल्या घरांसारख्या षट्कोनी असतात आणि त्यांच्यामधून बारीक चर गेलेले असतात. या चरांतून पातळ श्लेष्मा पसरतो. गादी आणि पान यांच्यामध्ये द्रवाचा अत्यंत पातळ थर तयार होतो आणि तोच बेडकाला धरून ठेवतो.

याचा अनुभव तुम्हांला प्रयोगशाळेत घेता येईल. शिक्षकांकडून सूक्ष्मदर्शकाच्या दोन स्वच्छ काचपट्ट्या मागून घ्या. कोरड्या पट्ट्या एकमेकींवर ठेवल्या तर त्या सहज वेगळ्या होतात. आता त्यांच्यामध्ये पाण्याचा एक थेंब टाका, पट्ट्या एकमेकींवर दाबा आणि सरळ ओढून वेगळ्या करून पाहा. हात सांभाळून करा. काच पातळ असते. एवढासा थेंब, पण पट्ट्या सुटता सुटत नाहीत! वृक्षमंडूक प्रत्येक पावलाला हाच प्रयोग करीत असतो. पाऊल उचलताना तो गादी कडेने सोलल्यासारखी सोडवतो, त्यामुळे ती त्याला अडकवीत नाही.

पाण्यात नव्हे, पाण्यावर

पावसाळा सुरू झाला की नर तळ्याकाठच्या झुडपांवर जमतात आणि 'चॅक्, चॅक्' असा आवाज करून मादीला साद घालतात. दोन नरांचे जागेवरून भांडण झाले, तर ते आणखी एक गोष्ट करतात. चारी पायांवर अंग उचलून फांदी गदागदा हलवतात. हा हादरा फांदीतून प्रतिस्पर्ध्यापर्यंत पोहोचतो. इ. स. २०१० मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका संशोधनात शास्त्रज्ञांनी बेडकाची यांत्रिक प्रतिकृती आणि फांदी हलविणारे यंत्र वापरून दाखवून दिले की, या हादऱ्यालाही नर प्रत्युत्तर देतात. म्हणजे फांदीची कंपने ही या बेडकांची एक भाषाच आहे. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिची आठवण होईल.

मादी पाठीवर नराला घेऊन आधी तळ्यात उतरते. बेडूक तोंडाने पाणी पीत नाहीत, ते त्वचेतून शोषून घेतात. मादी मूत्राशयात पाणी साठवते, पुन्हा वर चढते, पाण्यावर झुकलेले एक पान निवडते आणि त्यावर सुमारे चाळीस अंडी घालते. साठवलेले पाणी अंड्यांभोवतीच्या आवरणाला मिळते आणि ते फुगून दळदार होते. अंड्यांचा दुसरा पुंजका घालायचा असेल, तर पुन्हा तळ्यात उतरून पाणी भरून आणावे लागते.

एवढा खटाटोप कशासाठी? सरळ पाण्यातच अंडी घातली तर? पाण्यात मासे आहेत, झिंगे आहेत, किड्यांच्या मांसाहारी अळ्या आहेत. शिवाय साचलेल्या पाण्यापेक्षा हवेत प्राणवायू कितीतरी जास्त असतो. पानावर अंडी घातल्याने ही दोन्ही संकटे टळतात. पण निसर्गात फुकट काहीच मिळत नाही. पानावर वेगळे शत्रू आहेत. रात्री मांजरासारख्या उभ्या बाहुल्यांचे साप येतात, दिवसा हिरवे पोपटी साप येतात, गांधीलमाश्या येतात, बुरशी लागते. फार जोराचा पाऊस होऊन तळ्याचे पाणी चढले, तर अंडी बुडतात.

थांबावे की निघावे?

आता त्या अंड्यातल्या जिवाच्या जागी स्वतःला ठेवून विचार करा. काहीच विघ्न आले नाही, तर तो सहा-सात दिवस अंड्यात राहतो. प्रत्येक दिवसागणिक त्याची शेपटी बळकट होते, अंग वाढते, पोहण्याची ताकद येते. घाई करून चौथ्या-पाचव्या दिवशीच बाहेर पडला, तर तो लहान आणि दुबळा असणार आणि पाण्यातल्या शत्रूंच्या तावडीत सहज सापडणार. थांबून राहिला, तर पानावरच साप त्याला गिळण्याची भीती. खाली झिंगा आणि वर साप, असा हा पेच आहे.

कॅरन वॉर्केंटिन या शास्त्रज्ञांनी कोस्टा रिकातील कोर्कोवाडो राष्ट्रीय उद्यानात या पेचाचा अभ्यास केला आणि इ. स. १९९५ मध्ये तो प्रसिद्ध केला. त्यांना असे आढळले की, सापाने हल्ला केला तर पुरेशी वाढ झालेले भ्रूण मुदतीआधीच अंड्यातून बाहेर पडतात आणि त्यांतले बहुतेक वाचतात. पण लवकर बाहेर पडलेले आणि वेळेवर बाहेर पडलेले बेडूकमासे पाण्यातील शत्रूंसमोर ठेवले, तेव्हा लवकर आलेले जास्त संख्येने बळी पडले. म्हणजे घाईची किंमत खरीच मोजावी लागते. म्हणून संकट नसेल तर थांबणे शहाणपणाचे, आणि संकट असेल तर निघणे शहाणपणाचे. अंडी ठरावीक दिवशी फुटत नाहीत. परिस्थिती पाहून फुटतात.

पुढे आणखी गमती कळल्या. साप आला तर सारा पुंजका रिकामा होतो. पण गांधीलमाशी एका वेळी एकच अंडे कुरतडते, तेव्हा तेवढाच भ्रूण किंवा फार तर त्याचे शेजारी बाहेर पडतात. बाकीचे आपल्या जागी स्वस्थ राहतात. बुरशी लागलेल्या पुंजक्यातील भ्रूणही लवकर निघतात. जसे संकट, तसा उपाय!

पाऊस की साप?

आता आपल्या मूळ प्रश्नाकडे येऊ. भ्रूणाला साप कळतो कसा? दिसतो? वासाने? की हादऱ्याने? पनामातील गांबोआ येथे स्मिथसोनियन उष्ण कटिबंधीय संशोधन संस्थेचे केंद्र आहे. तेथील तळ्यांवर वॉर्केंटिन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याचा पाठपुरावा केला. त्यांनी अंड्यांच्या पुंजक्यात अगदी लहान त्वरणमापक बसवले आणि साप अंडी खात असताना होणारी कंपने नोंदवून घेतली. तशीच पाऊस पडत असतानाची कंपनेही नोंदवली. मग साप नाही, पाऊस नाही अशा शांत जागी, यंत्राच्या साहाय्याने ही नोंदलेली कंपने अंड्यांच्या नव्या पुंजक्यांना दिली. सापाची कंपने दिली तेव्हा पुष्कळ अंडी फुटली. पावसाची दिली तेव्हा फारच थोडी. समोर साप नव्हता, त्याचा वास नव्हता, तरी अंडी फुटली. तेव्हा कंपनेच भ्रूणाला खबर देतात, हे सिद्ध झाले.

पण सापाच्या आणि पावसाच्या कंपनांत फरक कोणता? पावसाचे थेंब पटपट, जवळजवळ न थांबता आदळतात. एकेक धक्का अगदी थोडा वेळ टिकतो. साप मात्र चावतो, ओढतो, थांबतो, पुन्हा चावतो. त्याचे धक्के जास्त वेळ टिकतात आणि त्यांच्यामध्ये शांततेचे अंतर असते. शास्त्रज्ञांनी मग कृत्रिम कंपने तयार करून त्यांची लांबी आणि मधली शांतता कमी-जास्त करून पाहिली. सुमारे अर्धा सेकंद कंप आणि मग सुमारे दीड सेकंद शांतता असा ताल दिला की खूप अंडी फुटत. कंप किंवा अंतर फार आखूड अथवा फार लांब केले की कमी फुटत. भ्रूण नुसता हादरा मोजत नाही. तो हादऱ्याचा ताल ओळखतो.

हाही अनुभव वर्गात घेता येईल. बाकावर कान टेकवून डोळे मिटा. मित्राला बाकाच्या दुसऱ्या टोकावर एकदा बोटांची टोके भराभर नाचवायला सांगा आणि एकदा तळहाताने थांबून थांबून घासायला सांगा. कोणते काय, हे तुम्ही न पाहता सांगाल. भ्रूण अशीच पारख करतो.

आणखी एक गोष्ट लक्षात घ्या. भ्रूण पहिल्याच हादऱ्याला निघत नाही. तो थोडे थांबतो, आणखी काही धक्के येऊ देतो. पहिल्या धक्क्यालाच निघाला, तर उगाच फसगत होऊन झिंग्यांच्या तोंडी जायचा. फार वेळ थांबला, तर सापाच्या पोटात जायचा. कोवळे भ्रूण जास्त थांबतात. वाढ झालेले लवकर निघतात, कारण लवकर निघण्यात त्यांचे नुकसान कमी होते.

ही कंपने जाणवतात कोणत्या इंद्रियाने? इ. स. २०१९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनावरून दिसते की, यात आंतरकर्णाचा, म्हणजे शरीराचा तोल सांभाळणाऱ्या कानाच्या आतल्या भागाचा, मोठा वाटा आहे. याचा पुरावा मोठा सुरेख आहे. आंतरकर्ण काम करू लागण्याआधीचे कोवळे भ्रूण पाण्यात बुडवले, तर प्राणवायूच्या कमतरतेमुळे ते अंड्यातून बाहेर पडतात. म्हणजे बाहेर पडण्याची ताकद त्यांच्यात आलेली असते. पण त्याच वयाच्या भ्रूणांना हलवले, तर ते ढिम्म राहतात. आंतरकर्ण काम करू लागला की हलवल्यावरही ते निघतात. ताकद आधी येते, खबर नंतर कळू लागते.

काही सेकंदांचे काम

बहुतेक बेडकांच्या अंड्यांत आवरण विरघळवणारे विकर हळूहळू झिरपते आणि अंडे फुटायला कित्येक तास लागतात. या वृक्षमंडकाच्या भ्रूणाला एवढा वेळ कुठला? त्याच्या मुस्कटावर विकर तयार करणाऱ्या ग्रंथींची दाटी असते. विकर आधीपासून भरून ठेवलेले असते. संकट जाणवले की भ्रूण अंग थरथरवतो, विकर एकदम सोडतो, मुस्कटासमोर आवरणाला भोक पडते आणि तो शेपटीचे फटकारे मारीत त्यातून निसटतो. हे सारे काम एका मिनिटाच्या आत उरकते. अंड्यात असताना श्वासासाठी त्याला पिसांसारखे बाह्यकल्ले असतात. पाण्यात पडल्यावर तेही लवकरच आकसून नाहीसे होतात.

आपल्या सह्याद्रीत

असा बेडूक आपल्याकडे नाही. पण पाण्यावर झुकलेल्या पानावर अंडी घालण्याची युक्ती आपल्या सह्याद्रीतही सापडते. सिंधुदुर्ग जिल्ह्यातील आंबोलीला पावसाळ्यात गेलात, तर मलबारी उडता बेडूक पाहायला मिळेल. त्याची मादी मागच्या पायांनी स्राव घुसळून साबणासारखा फेस करते आणि त्या फेसाच्या घरट्यात अंडी ठेवते. बेडूकमासे खालच्या पाण्यात पडतात. हा बेडूक आणि मध्य अमेरिकेतला बेडूक वेगवेगळ्या कुळांतले आहेत, पण सारख्या अडचणीवर दोघांनी सारखाच तोडगा काढला आहे. असे घरटे दिसले तर दुरून पाहा, दिवस मोजा, चित्र काढा. पण हात लावू नका. आता तुम्हांला ठाऊक आहेच की, आपले बोटही आतल्यांना हादरा देते!

लाल डोळ्यांचा वृक्षमंडूक आजही बऱ्याच भागांत टिकून आहे. पण त्याच्या रूपामुळे त्याला पाळण्यासाठी मोठी मागणी असते, म्हणून इ. स. २०१० मध्ये त्याच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर नियंत्रण आणले गेले. त्याच पनामातील एल कोपे येथे इ. स. २००४ मध्ये कातडीला लागणाऱ्या एका बुरशीमुळे बेडकांच्या अनेक जाती झपाट्याने नाहीशा झाल्या. जंगलतोडीचे संकट आहे ते वेगळेच. साप आणि पाऊस यांतला फरक ओळखायला हा बेडूक लक्षावधी वर्षांच्या वारशाने शिकला आहे. कुऱ्हाडीचा हादरा ओळखून मात्र अंड्यातला जीव काय करणार? पाण्यावर झुकलेली फांदी आणि तिच्याखालचे तळे या दोन्ही गोष्टी राहिल्या, तरच त्याच्या उडीला अर्थ आहे.

अंडे म्हणजे निपचित पडलेली वस्तू, असे आपण समजतो. पुढच्या पावसाळ्यात एखाद्या डबक्याच्या कडेला बेडकाची अंडी दिसली, तर जरा थांबून पाहा. आत कोणीतरी कान देऊन बसले असेल.